चार लाखसुद्धा लोक नाहीत, तरी आइसलँडला स्वतःचा सिनेमा परवडतो कसा?

चित्रवेडा

मंडळी, एक प्रश्न बरेच दिवस डोक्यात घोळतोय. इथे सिनेमावाले, हिशेबवाले, परदेशात राहणारे सगळेच आहेत म्हणून विचारतो.

आइसलँडची लोकसंख्या चार लाखांच्या आत आहे, म्हणजे आपल्या सांगली-मिरजेपेक्षा कमी. क्षेत्रफळ मात्र महाराष्ट्राच्या साधारण एक तृतीयांश, आणि त्यातला बराच भाग बर्फ, लाव्हा नाहीतर ओसाड माळ. एवढ्याशा देशात दर वर्षी आइसलँडिक भाषेत पाच-दहा फीचर फिल्म बनतात, सिरियल आणि डॉक्युमेंटरी वेगळ्या, आणि त्यातल्या काही फ्रान्समधल्या कान महोत्सवापर्यंत जाऊन बक्षिसं घेऊन येतात. मी नुसता तोंडी हिशेब करून बघितला, समजा देशातल्या दर दहा माणसांमागे एकाने सिनेमा थिएटरात जाऊन बघितला (आणि हे म्हणजे तिथलं सुपरहिटच झालं) तरी चाळीस हजार तिकिटं होत नाहीत, त्यात थिएटरवाल्याचा वाटा गेला, टॅक्स गेला, मग निर्मात्याच्या हातात उरतं काय? त्यात तिथे मजुरी महाग, हवा लहरी, हिवाळ्यात दिवसाला चार-पाच तास उजेड.

दुसरीकडे हॉलिवूडवाले तिथे रांगा लावून शूटिंगला जातात. आपल्याकडचेही गेलेत की, २०१५ च्या 'दिलवाले'मधलं 'गेरुआ' गाणं तिकडचंच आहे, काळी वाळू आणि ते पडकं विमान सगळ्यांनी बघितलेलं असेल. सरकार म्हणे खर्चाचे पैसे परत देतं. तर मग कमाई नक्की कुणाची होते, आणि बाहेरच्यांच्या शूटिंगचा त्यांच्या स्वतःच्या भाषेतल्या सिनेमाला खरंच काही उपयोग होतो, की दोन्हींचा एकमेकांशी काही संबंधच नाही?

आमच्या फिल्म क्लबमध्ये पुढच्या महिन्यात छोट्या देशांच्या सिनेमावर चर्चा आहे आणि आइसलँडवर मी बोलणार आहे. नुसतं 'निसर्ग सुंदर आहे' एवढंच सांगायचं नाहीये. कुणी नीट समजावून सांगेल का?

---

सीए_सातारकर

प्रश्न आवडला. मी पैशाच्या बाजूपुरतं लिहितो, सिनेमातलं कळणारे बाकीचे आहेतच.

ते 'पैसे परत' प्रकरण म्हणजे १९९९ चा कायदा. सुरुवातीला १२ टक्के होते, मग १४ झाले, २००९ मध्ये २०, २०१७ पासून २५, आणि २०२२ मध्ये मोठ्या प्रोजेक्टसाठी ३५ टक्के. म्हणजे कंपनीने आइसलँडमध्ये पात्र ठरणारा खर्च १०० कोटी केला तर ३५ कोटी सरकारी तिजोरीतून रोख परत. टॅक्समधून वजावट वगैरे नाही बरं का, रोखच. पण ते काम झाल्यावर मिळतात, आधी नाही, आणि अर्ज मात्र शूटिंग सुरू व्हायच्या आधी करावा लागतो. शेवटी हिशेब तपासून द्यायचे, मग पैसे. त्यामुळे मधल्या काळात निर्मात्याला ती रक्कम दुसरीकडून उभी करावी लागते आणि त्यावरचं व्याजही पडतं, हे बरेच जण विसरतात.

३५ टक्के सरसकट सगळ्यांना नाहीत. देशात किमान ३५ कोटी क्रोनांचा खर्च पाहिजे (क्रोना म्हणजे तिथलं चलन, आपले ढोबळ वीस-पंचवीस कोटी रुपये), किमान ३० दिवस काम देशात झालं पाहिजे आणि त्यातले किमान १० दिवस प्रत्यक्ष शूटिंगचे, बाकीचे एडिटिंग-साउंडसारख्या कामाचे चालतात, वर किमान ५० माणसं त्या प्रोजेक्टवर थेट कामाला पाहिजेत. ही अट पूर्ण होत नसेल तर २५ टक्के. ह्या अटी कशा बेतल्यात बघा, दोन दिवस येऊन ड्रोन उडवून धबधबा घेऊन जाणाऱ्याला ३५ नाहीत, जो तळ ठोकून बसेल आणि पोस्ट प्रॉडक्शनसुद्धा तिथेच करेल त्याला आहेत.

आता सरकारला काय मिळतं. पगार धरायचा असेल तर त्यावर आइसलँडमध्ये टॅक्स भरलेला पाहिजे, आणि तिथे अगदी खालच्या स्लॅबलासुद्धा सरकार आणि नगरपालिका मिळून तीस टक्क्यांच्या वर कापतात. म्हणजे पगारांपुरतं बघितलं तर परत दिलेल्यातला मोठा हिस्सा त्याच वर्षात तिजोरीत येऊन पडतो. व्हॅट २४ टक्के आहे पण तो ह्या गणितात धरू नका, कंपन्यांना तो बहुतेक वेळा परत मिळतो. तंत्रज्ञ, ड्रायव्हर, सुतार, जेवणवाले त्यांच्या पगारातून जे खर्च करतात त्यावरचा व्हॅट मात्र खरा.

पण एक गोष्ट नीट लक्षात घ्या, ह्याला कुणी 'सिनेमातून सरकारने नफा कमावला' असं म्हणत असेल तर मी मान्य करणार नाही. इंग्लंड, आयर्लंड, न्यूझीलंड, हंगेरी सगळेच असे पैसे देतात, त्यामुळे हे गिऱ्हाईक टिकवण्यासाठीचं भाडं आहे. दर कमी केला की प्रॉडक्शन दुसरीकडे जातं. आइसलँडने १२ वरून ३५ पर्यंत जो प्रवास केला तो हौसेने नाही केलेला, शेजारी वाढवत गेले म्हणून करावा लागला.

---

उत्तरेची_वारी

मी आइसलँडच्या राजधानीत, रेकयाविकमध्ये राहते, नवरा इथे युनिव्हर्सिटीत आहे. सिनेमाच्या धंद्यात मी नाही पण ओळखीपाळखीतले बरेच जण आहेत, देशच एवढासा आहे की प्रत्येकाच्या ओळखीत कुणीतरी सेटवर काम केलेलं सापडतंच.

सातारकरांनी कायदा सांगितला, पण ह्या सगळ्याला वेग आला तो २००८ मध्ये बँका बुडाल्यावर. तिन्ही मोठ्या बँका एका आठवड्यात कोसळल्या, क्रोना जवळपास निम्म्यावर आला, आणि इथल्यांसाठी ती आपत्ती होती तरी परदेशी निर्मात्यासाठी हा महागडा देश एकदम परवडणारा झाला. २००९ ला परताव्याचा दर २० टक्के केला, २०१० ला एयाफ्यालायोकुल ज्वालामुखीने युरोपभरची विमानं थांबवली आणि फुकटात सगळ्या टीव्हीवर देश झळकला. मग 'गेम ऑफ थ्रोन्स', 'प्रोमिथियस', 'ऑब्लिव्हियन', 'वॉल्टर मिटी', 'इंटरस्टेलर' ही सगळी रांग त्याच दोन-तीन वर्षांत लागली. त्याआधी इथली अर्थव्यवस्था मासे, अ‍ॅल्युमिनियम आणि बँका ह्यांच्यावर उभी होती, त्यातल्या बँका गेल्या आणि तिसऱ्या जागी पर्यटन येऊन बसलं. २०१० ला वर्षाला पाच लाखाच्या आसपास पर्यटक यायचे, २०१७ पर्यंत ते वीस लाखांच्या वर गेले. हे सगळं सिनेमामुळे झालं असं म्हणणं चुकीचं होईल, स्वस्त विमानं आणि जाहिरातीचा वाटा मोठा आहे, पण इथे उतरणारा माणूस जी जागा शोधत येतो ती त्याने बहुतेक वेळा आधी पडद्यावर बघितलेली असते.

आता तुमचा मुख्य प्रश्न, दोन्हींचा संबंध आहे का. तर आहे आणि नाही. पैशाच्या दोन वेगळ्या थैल्या आहेत हे आधी समजून घ्या. एक ती परताव्याची, ती देशी-परदेशी सगळ्यांना सारखीच. दुसरी थैली म्हणजे फिल्म फंड, १९७८ च्या कायद्याने सुरू झालेला, आणि २००३ पासून तो आइसलँडिक फिल्म सेंटरकडे आहे. आइसलँडिक भाषेतला सिनेमा जगतो तो ह्या दुसऱ्या थैलीवर. स्क्रिप्ट लिहायला, डेव्हलपमेंटला, प्रत्यक्ष निर्मितीला असे टप्प्याटप्प्याने पैसे मिळतात, सल्लागार स्क्रिप्ट वाचून मत देतात. त्याच्यावर इथलं सरकारी टीव्ही चॅनल आरयूव्ही थोडे पैसे घालतं, मग नॉर्डिक देशांचा मिळून एक फंड आहे, युरोपचा युरिमाज नावाचा फंड आहे, आणि डेन्मार्क, नॉर्वे, फ्रान्स, जर्मनी इथला को-प्रोड्यूसर. असं पाच-सहा ठिकाणचं जोडून एक सिनेमा उभा राहतो, आणि मग त्यावर पहिल्या थैलीतला परतावा. म्हणून तुमचा तिकिटांचा हिशेब बरोबर असूनही सिनेमा बनतो, कारण तिकिटांवर तो मुळात अवलंबूनच नाही.

मग परदेशी शूटिंगचा उपयोग काय? माणसं. देशी सिनेमे वर्षाला पाच-दहा, त्यावर एखादा लाइटमन किंवा साउंडवाला वर्षभर घर चालवू शकत नाही, तो गाव सोडून कोपनहेगनला जाईल नाहीतर धंदा बदलेल. मोठं प्रॉडक्शन आलं की त्याला चार-सहा महिन्यांचं काम, नवी उपकरणं हाताळायला मिळतात, आणि ते गेलं की तोच माणूस इथल्या दिग्दर्शकाकडे कमी पैशात काम करायला तयार असतो कारण ती त्याच्या भाषेतली गोष्ट असते. आइसलँडच्या उत्तरेत, अकुरेरी आणि डाल्विक भागात 'ट्रू डिटेक्टिव्ह' ह्या अमेरिकन सिरियलचा अलास्कातला सीझन झाला, २०२२-२३ चा हिवाळा, इथे आजवर झालेल्या सगळ्यात मोठ्या कामांपैकी एक. त्या हिवाळ्यात छोट्या गावातली हॉटेलं भरलेली होती, आणि उत्तरेत हिवाळ्यात हॉटेल भरणं म्हणजे काय हे इथे राहिल्यावरच कळतं, पर्यटक सगळे उन्हाळ्यात आणि तेही दक्षिणेत.

आणि बाल्टासार कोर्माकुरचं उदाहरण तुमच्या भाषणात नक्की घ्या. नट होता, २००० मध्ये '१०१ रेकयाविक' केला, नंतर 'रेकयाविक-रॉटरडॅम' नावाच्या आइसलँडिक थ्रिलरमध्ये स्वतः प्रमुख काम केलं, त्या सिनेमाचा हॉलिवूडने 'कॉन्ट्राबँड' नावाने रिमेक केला आणि दिग्दर्शन ह्याच्याकडेच. पुढे 'एव्हरेस्ट'. एवढं झाल्यावर माणूस लॉस एंजेलिसला राहिला असता तर कुणी नावं ठेवली नसती, पण त्याने रेकयाविकच्या कडेला गुफुनेसला बंद पडलेला खत कारखाना घेऊन तिथे स्टुडिओ उभा केला. आधी देशात एवढा मोठा इनडोअर स्टेजच नव्हता, लोक येऊन बाहेरचं शूटिंग करायचे आणि आतलं करायला लंडन-बुडापेस्टला जायचे, म्हणजे खरा पैसा तिकडेच. ३० दिवस राहायची अट पूर्ण करायची तर छप्पर पाहिजेच ना. 'कात्ला' ही नेटफ्लिक्सची आइसलँडिक सिरियल ह्याच स्टुडिओतली.

(आणि एक सांगायचं राहिलं, इथे थिएटरात इंटरव्हल असतो! आपल्यासारखाच, सिनेमा अर्ध्यात थांबवून लोक पॉपकॉर्न आणायला जातात. पहिल्यांदा बघितलं तेव्हा एवढं बरं वाटलं.)

---

मीनल_के

वारीताईंनी फारच छान लिहिलंय. मी फक्त 'हे सगळं का करायचं' ह्यावर लिहिते, कारण पैशाचं गणित कितीही समजून घेतलं तरी १९७८ मध्ये सव्वादोन लाख लोकांच्या देशाने फिल्म फंड काढायचं का ठरवलं ते त्यातून कळत नाही.

त्यासाठी थोडं मागे जावं लागतं. केफ्लाविकला अमेरिकेचा लष्करी तळ होता आणि तिथल्या सैनिकांसाठी १९५५ पासून टीव्ही सुरू झाला. आइसलँडचा स्वतःचा टीव्ही नव्हताच. मग साठच्या दशकात रेकयाविकमधले लोक सेट विकत घेऊन तो अमेरिकन टीव्ही बघायला लागले. म्हणजे त्या देशाचा पहिला टीव्ही परक्या सैन्याचा आणि परक्या भाषेतला. १९६४ मध्ये साठ नामवंत मंडळींनी संसदेकडे अर्ज केला की ह्या प्रक्षेपणाला तळापुरतंच ठेवा. त्यावरून देशात मोठा वाद झाला, लोक म्हणाले आम्ही काय बघायचं ते तुम्ही कोण ठरवणार. शेवटी १९६६ मध्ये स्वतःचा टीव्ही आला, आणि तोसुद्धा कसा, तर गुरुवारी बंद आणि जुलै महिनाभर बंद! जुलैची सुट्टी १९८३ पर्यंत आणि गुरुवारची १९८७ पर्यंत चालली. मला हा तपशील फार महत्त्वाचा वाटतो, कारण ज्या समाजाने टीव्हीसारखी गोष्टसुद्धा एवढा विचार करून घरात घेतली त्याने स्वतःच्या सिनेमासाठी कायदा करणं ह्यात आश्चर्य काहीच नाही.

फंड आल्यावर लगेच १९८० ला आउगुस्ट गुडमुंडसनचा 'लँड अँड सन्स' आला. तीसच्या दशकातला शेतकऱ्याचा पोरगा, कर्ज, मेंढ्या, आणि शेवटी गाव सोडून जाणं. थिएटरं ओसंडून वाहिली कारण बघणाऱ्यातल्या जवळजवळ प्रत्येकाच्या घरात कुणीतरी तसं गाव सोडून रेकयाविकला आलेलं होतं आणि ते दुःख त्यांच्या भाषेत पडद्यावर पहिल्यांदा कुणी बोलत होतं. पुस्तकांत होतं, आइसलँडचे लोक वाचणारे आहेत, आठशे वर्षांपूर्वीच्या सागा, म्हणजे जुन्या वीरकथा, त्यांना आजही वाचता येतात. पण आपल्या माणसाचा चेहरा, त्याची बोलायची पद्धत, त्याचं गप्प बसणं हे पडद्यावर मोठं होऊन दिसणं वेगळं. तेव्हा फंडाचे पैसे अगदीच तुटपुंजे होते, निर्माते घरं गहाण ठेवायचे आणि सिनेमा पडला की वर्षानुवर्षं कर्ज फेडत बसायचे.

मग १९९१ चा 'चिल्ड्रन ऑफ नेचर', दिग्दर्शक फ्रिडरिक थोर फ्रिडरिक्सन. म्हातारा शेतकरी शेत बंद करून शहरात मुलीकडे येतो, तिथे अडचण होते, वृद्धाश्रमात टाकतात, तिथे त्याला लहानपणीची मैत्रीण भेटते आणि दोघं जीप पळवून आपल्या ओसाड पडलेल्या गावाकडे निघतात. ह्याला परदेशी भाषेतल्या सिनेमाच्या ऑस्करचं नॉमिनेशन मिळालं, त्या विभागात फीचर फिल्मला मिळालेलं आइसलँडचं आजवरचं एकमेव. मला विचाराल तर त्या नॉमिनेशनने जे केलं ते कुठल्याही जाहिरातीने झालं नसतं, युरोपातल्या को-प्रोड्यूसरनी तिथून पुढे आइसलँडच्या दिग्दर्शकांना दारात उभं करायला सुरुवात केली.

आणि आता तो धागा बघा. २०१५ चा 'रॅम्स', ग्रिमुर हाकोनार्सनचा, कानमध्ये 'अं सर्तें रगार' विभागातलं पहिलं बक्षीस. शेजारी राहणारे दोन भाऊ, दोघेही मेंढपाळ, चाळीस वर्षं एकमेकांशी बोललेले नाहीत आणि खोऱ्यात मेंढ्यांना रोग येतो, सगळे कळप मारून टाकायचा हुकूम होतो. इतकी छोटी, इतकी तिथलीच गोष्ट, आणि ऑस्ट्रेलियाने तिचा रिमेक केला. २०१८ चा 'वुमन अ‍ॅट वॉर' बघा, गाण्याचं पथक चालवणारी बाई अ‍ॅल्युमिनियम कारखान्याच्या विजेच्या तारा तोडत फिरते, ती अ‍ॅल्युमिनियमवाली गोष्ट तिथल्या माणसालाच सुचणार कारण देशातली बहुतेक वीज त्या कारखान्यांना जाते. बाहेरून येणाऱ्या कॅमेऱ्याला त्या माळावर परग्रह दिसतो. तिथे विजेचे खांब आहेत आणि त्यांच्यावरून भांडण आहे हे दिसायला तिथे राहावं लागतं.

म्हणून माझं म्हणणं असं की दुसरी थैली हीच खरी. पहिली बंद झाली तर धंदा बसेल, वाईट होईल. दुसरी बंद झाली तर तो देश दुसऱ्यांच्या गोष्टींची नुसती पार्श्वभूमी म्हणून उरेल.

---

रोखठोक

सगळ्यांचं वाचलं, पण जरा दुसरी बाजूही मांडतो.

एक, ३५ टक्के. चार लाख लोकांच्या देशाच्या तिजोरीतून अमेरिकेतल्या बलाढ्य स्टुडिओंना पैसे द्यायचे, हे मला पटत नाही. 'ट्रू डिटेक्टिव्ह'सारखं एक काम आलं की परताव्याची रक्कम अब्जावधी क्रोनांमध्ये जाते, आणि ती देणं कायद्याने बंधनकारक असतं, तिथे हात आखडता घेता येत नाही. मग बजेटात कात्री कुठे लागते? फिल्म फंडाला. बँका बुडाल्यावर २०१० च्या बजेटात तेच झालं, दर नुकताच वाढवलेला आणि फंड मोठ्या प्रमाणात कापलेला. गेल्या काही वर्षांतही फंडाला पुन्हा कात्री लागली आणि तिथल्या निर्मात्यांनी जाहीरपणे आरडाओरड केली. म्हणजे मीनलताई म्हणतात ती खरी थैली हलकी होते आणि परताव्याची फुगते. दोन थैल्या वेगळ्या आहेत हे कागदावर ठीक, पैसे एकाच खिशातले आहेत.

दोन, जमिनीचं नुकसान. २०१५ मध्ये जस्टिन बीबरच्या गाण्याचं शूटिंग फ्यादरारग्ल्युफुर नावाच्या घळीत झालं, त्यानंतर तिथे एवढी झुंबड उडाली की पायवाटांचा चिखल झाला, शेवाळ तुडवलं गेलं आणि २०१९ मध्ये पर्यावरण खात्याला ती जागा बंद करावी लागली. तिथलं शेवाळ एकदा उखडलं की परत यायला दशकं लागतात. 'गेरुआ'मधलं विमान म्हणजे अमेरिकन नौदलाचं डकोटा, १९७३ मध्ये सोल्हेमासांदुरच्या वाळूवर उतरवलेलं, सगळे वाचले आणि विमान तिथेच राहिलं. लोक गाड्या घेऊन थेट वाळूत घुसायला लागले तेव्हा २०१६ मध्ये जमीनमालकांनी गाड्यांचा रस्ताच बंद केला, आता एकतर जायला चार आणि यायला चार किलोमीटर चालायचं, नाहीतर पैसे मोजून शटल बस पकडायची. हा खर्च सिनेमाच्या हिशेबात कुणी लावत नाही, तो तिथल्या शेतकऱ्याने आणि गावाने सोसायचा.

सिनेमा नको असं मी म्हणत नाही. स्वतःचा सिनेमा हवाच, त्याला पैसे द्याच. पण बाहेरच्यांचं शूटिंग आणि आपला सिनेमा ह्या दोन्हीला 'फिल्म इंडस्ट्री' असं एकच नाव देऊन जे आकडे दाखवले जातात त्यात खूप काही लपतं, चर्चेत हे नक्की बोला.

---

चित्रवेडा

खूप खूप आभार सगळ्यांचे, एवढं मिळेल असं वाटलं नव्हतं. रोखठोक, तुमचा मुद्दा बोलण्यात घेणारच.

अजून दोन गोष्टी विचारतो. एक म्हणजे बाहेरची मालिका तिथे बनली तर तिची मालकी बाहेरच्यांचीच ना? मग वर्षानुवर्षं ती विकून जे पैसे येतात त्यातलं आइसलँडला काहीच नाही? आणि दुसरं, तिथली तरुण मुलं आइसलँडिक सिनेमे बघतात का, की ती पण नेटफ्लिक्सवर इंग्रजीतच?

---

सीए_सातारकर

पहिल्याचं उत्तर सरळ आहे. हो, मालकी बाहेरच्यांची. परताव्याच्या बदल्यात सरकारला हक्कातला वाटा मिळत नाही. कामगारांना मजुरी, हॉटेलला भाडं, तिथल्या सर्व्हिस कंपनीला तिची फी, बस्स. हक्क हातात राहतात ते स्वतःच्या गोष्टींचे. 'ट्रॅप्ड' नावाची सिरियल घ्या, २०१५ ची, बर्फाने रस्ते बंद झालेलं बंदराचं गाव आणि खून, मूळ आइसलँडिक भाषेतच बनलेली, आरयूव्हीवर लागली आणि नंतर बीबीसीसकट अनेक देशांच्या चॅनलनी सबटायटल लावून घेतली. तिथे विक्रीचे पैसे आइसलँडला येतात. किंवा 'लेझी टाऊन', मुलांना व्यायाम आणि खाण्याची सवय लावणारा तो निळ्या कपड्यातला हिरो, ती आइसलँडच्या माणसाची कल्पना, आइसलँडमध्येच शूटिंग, फक्त भाषा इंग्रजी. शंभरावर देशांत गेली आणि २०११ मध्ये अमेरिकेच्या टर्नर ह्या टीव्ही कंपनीने ती कंपनीच विकत घेतली. म्हणजे पैसे मिळाले, पण तिथून पुढची मालकी परत बाहेर गेली.

रोखठोक, तुमच्या 'एकाच खिशातले' ह्या मुद्द्याशी मी सहमत आहे. एवढंच म्हणेन की परतावा बंद केला म्हणून ते पैसे फंडाला जातील ह्याची कुठलीही हमी नाही. अर्थखात्याकडे मागणारे इतर खूप असतात.

---

उत्तरेची_वारी

दुसऱ्याचं मी सांगते. इथे सिनेमे डब करत नाहीत, सबटायटल लावतात, फक्त लहान मुलांचे कार्टून वगैरे डब होतात. त्यामुळे पोरं सात-आठ वर्षांची होईपर्यंत आइसलँडिक ऐकतात आणि मग एकदम सगळं इंग्रजी. यूट्यूब, गेम, सगळंच. माझ्या मुलाच्या वर्गातली मुलं मैदानावर खेळताना आपसात इंग्रजीत बोलतात, आणि त्यांचे आई-वडील दोघेही आइसलँडिक आहेत. शिक्षकांना ह्याची काळजी वाटते हे पालकसभेत नेहमी येतं. मुलांचा सिनेमा किंवा सिरियल आइसलँडिकमध्ये आली तर बघतात, आवडीने बघतात, पण ती वर्षातून एखादी, आणि इंग्रजी रोज. त्यामुळे इथे फंडाबद्दल बोलताना लोक कलेइतकंच भाषेबद्दल बोलतात. साडेतीन-पावणेचार लाख बोलणाऱ्यांची भाषा आहे, तिच्यात बोलणारी सिरियल कुठलीही जागतिक कंपनी स्वतःहून बनवणार नाही कारण ग्राहकच नाहीत.

शिकायचंही तसंच होतं. सिनेमा शिकायला पूर्वी कोपनहेगन, प्राग, न्यूयॉर्क कुठेतरी जायचे. २०२२ मध्ये इथल्या कला विद्यापीठात सिनेमाचा विभाग सुरू झाला, म्हणजे पहिल्यांदाच त्या पातळीचं शिक्षण स्वतःच्या भाषेत. त्याचं फळ दिसायला अजून वेळ आहे.

आणि हो, संगीत विसरू नका. हिल्डुर गुडनादोत्तिरला २०२० मध्ये 'जोकर'च्या संगीतासाठी ऑस्कर मिळालं, ऑस्कर जिंकणारी ती पहिली आइसलँडिक व्यक्ती. दुसऱ्या दिवशी सुपरमार्केटच्या रांगेतसुद्धा लोक तेच बोलत होते.

---

मीनल_के

चित्रवेडा, क्लबमध्ये काय दाखवायचं ते विचारलं नाहीत पण सुचवते. 'रॅम्स' दाखवाच, तो उत्तरेतल्या बार्दारदालुर खोऱ्यातला आहे, दीड तासाचा आहे आणि चर्चेला वेळ उरतो. त्याच्या आधी 'ट्रू डिटेक्टिव्ह'च्या त्या सीझनमधला एखादा बाहेरचा प्रसंग पाच मिनिटं लावा, तोही उत्तरेतलाच पण अलास्का म्हणून उभा केलेला. दोन्ही बघून झाल्यावर रोखठोक ह्यांचा मुद्दा आधी मांडा, पैशाचं नंतर. लोक भांडतील, आणि भांडू द्या.

'चिल्ड्रन ऑफ नेचर' वेगळ्या दिवशी ठेवा. तो वृद्धाश्रमाचा भाग बघून आमच्याकडे ज्येष्ठ मंडळी बराच वेळ उठलीच नव्हती, त्यानंतर कुणाला टक्केवारी ऐकायची नसते.